हाड जुळल्यावर : मोर्शीतली टिपणे

दंडाचं हाड मोडलं की आमच्या कामात त्याला एस ४२ हा गट लागतो. खांद्याजवळ मोडलं तर एस ४२.२, मधल्या नळीत मोडलं तर एस ४२.३, कोपराजवळ मोडलं तर एस ४२.४. पुढचे अंक उजवा की डावा, तिरपं मोडलं की आडवं, तुकडे जागेवरून सरकले का, हे सांगतात. शेवटी सातव्या जागी एक अक्षर येतं. ए म्हणजे मोडलेल्या हाडावर इलाज चालू आहे. डी म्हणजे ते नीट भरतंय आणि माणूस तपासणीला आलाय. जी म्हणजे भरायला उशीर होतोय, के म्हणजे जुळलंच नाही, पी म्हणजे वाकडं जुळलं. आणि एस म्हणजे हाड भरून आलं, पण त्या मोडण्यापायी काहीतरी मागे उरलं.

ए, डी, जी, के, पी या सगळ्यांत प्रश्न हाडाचा असतो. एसमध्ये हाडाचा प्रश्न मिटलेला असतो आणि हात चालतो कसा, एवढाच उरतो. माझं लक्ष या अक्षरावर आहे.

•

मी अमरावती जिल्ह्यातल्या मोर्शीत घरी बसून मेडिकल कोडिंग करते. अमेरिकेतल्या दवाखान्यांचे चार्ट वाचायचे, डॉक्टरांनी काय लिहिलंय ते समजून घ्यायचं आणि आजाराला, जखमेला, उपचाराला कोड द्यायचे. त्या कोडवर तिथले विमेवाले पैसे देतात. बी.एस्सी., बी.फार्म., फिजिओथेरपी, बीएएमएस करून या कामात शिरलेली मुलंमुली अमरावती-नागपूरकडे पुष्कळ आहेत. रुग्णाच्या कागदातलं काही बाहेर सांगायचं नाही, हा या कामाचा पहिला नियम, आणि तो मला मनापासून पटतो. म्हणून चार्टमधलं या वहीत काही नाही. नियमांचं पुस्तक कुणालाही वाचता येतं, ते इथे आहे. हात मात्र मोर्शीचे आहेत, बाजारात आणि बागेत दिसलेले.

•

उरलेल्या त्रासाला दोन कोड लागतात, आणि त्यांचा क्रम ठरलेला आहे. आधी त्रास, मग त्याचं मूळ. उजव्या दंडाचं हाड मोडून जुळलं आणि आता खांदा आखडला असेल, तर आधी एम २५.६११, म्हणजे उजव्या खांद्याचा ताठरपणा. मग एस ४२.३०१एस, म्हणजे हा ताठरपणा आला कुठून. एस हे अक्षर फक्त मुळाला लागतं. नुसता पहिला कोड लिहिला तर खांदा वयामुळे धरला असेल, असंही कुणी म्हणू शकतं. नुसता दुसरा लिहिला तर नक्की काय उरलंय तेच कळत नाही.

आणि मुदत? अमेरिकेच्या नियमांत मुदतच नाही. हाड मोडल्यावर काही महिन्यांनी हा कोड लावता येतो आणि वीस वर्षांनीही लावता येतो. एवढ्या काटेकोर पुस्तकात इतका मोकळा नियम सापडला तेव्हा मला फार बरं वाटलं.

•

हाड मोडलं होतं, भरलं, आता काही त्रास नाही : झेड ८७.८१.
हाड मोडलं होतं, भरलं, हात मात्र पूर्वीसारखा नाही : एस.

या दोन माणसांचे एक्स-रे एकसारखे असू शकतात. डॉक्टरांनी हात वर करायला लावला का, आणि दिसलं ते लिहिलं का, यावरच सगळं ठरतं. कोडरला अंदाज बांधायची परवानगी नाही. चार्टमध्ये ‘खांदा वर जात नाही’ असं लिहून त्याचा संबंध जुन्या फ्रॅक्चरशी जोडलेला नसेल, तर मला तो जोडता येत नाही. डॉक्टरांना क्वेरी पाठवावी लागते. तिथे क्वेरीला उत्तर येतं, कारण त्यात पैसा अडकलेला असतो. इथे मोर्शीत केसपेपर वाचून क्वेरी पाठवणारं कुणी नाही. कागदावर जे राहून गेलं ते कायमचं राहून गेलं.

•

संत्र्याच्या आंबिया बहाराची तोडणी दिवाळीच्या आगेमागे जोरात असते, मृग बहाराची फेब्रुवारी-मार्चकडे. मोर्शी-वरुड पट्ट्यात त्या दिवसांत सकाळी रस्त्यावर माणसांनी भरलेल्या गाड्या आणि संध्याकाळी क्रेटनी भरलेल्या गाड्या. बाग बहुतेक वेळा व्यापारी झाडावरच विकत घेतो, तोडणीची माणसं तोच आणतो. शिडी लावायची, एका हातानं फांदी धरायची, दुसऱ्यानं फळ तोडायचं. जमीन ओलिताची. शिडीचा एक पाय मातीत खचतो आणि माणूस कलंडतो. पडताना हात पुढे जातोच, त्याला कुणी शिकवावं लागत नाही. मार मनगटावर निभावला तर निभावला, नाहीतर कोपरावर, दंडावर, खांद्यावर चढतो.

अशीच पडलेली एक तोडणीवाली मावशी बाजारात भेटली. हाड तीन-चार महिन्यांपूर्वीच जुळलेलं.

“डॉक्टर म्हन्ते हाड तं जुळलं. मंग माहा हात वर काहून जात नाई, ताई?”

मी म्हटलं, “कुठवर जातो मावशी, दाखवा बरं.”

तिनं हात पुढून उचलला. तो खांद्याच्या रेषेत आला आणि अडला. आणखी वर न्यायला तिनं कंबर मागे वाकवली, म्हणजे उचललं ते धड, हात तिथेच राहिला.

“खालचे संत्रे तोडतो मी. वरच्यायले दुसरी बाई लागते. मुकडदम म्हन्ते, तुले पुरा रोज कसा देऊ?”

तिच्या कागदावरची शेवटची ओळ होती ‘फ्रॅक्चर युनायटेड’. खांद्याबद्दल एक शब्द नव्हता. हाडाचं काम पुरं झालं होतं, आणि तिचा रोज अर्ध्यावर आला होता त्याला कागदावर काही कारणच नव्हतं.

•

पूर्ण वर गेलेला हात १८० अंशांचा धरतात. नव्वदवर अडलेला हात जेवतो, भांडी घासतो, पीठ मळतो, सही करतो. घरच्यांना वाटतं, चालतोय की हात. अडचण त्याच्या वरच्या कामांना येते : फडताळावरचा डबा, दोरीवरचं धुणं, डोक्यावर गुंड चढवणं, संत्र्याची वरची फांदी.

खांद्याला याशिवाय फिरणंही असतं, आणि ते आधी जातं. वेणी घालायला हात बाहेर फिरावा लागतो. लुगड्याचा काष्टा मागे खोचायला तो आत फिरून पाठीमागे जावा लागतो. फवारणीचा पंप पाठीवर चढवताना दुसऱ्या पट्ट्यात हात घालायचा तर तीच हालचाल लागते. एकदा हे लक्षात आलं की कुणाचा खांदा कुठे अडलाय ते बाईच्या वेणीवरून आणि गड्याच्या पंपावरून कळायला लागतं.

कोपराचं वेगळं. अमेरिकेत बी. एफ. मॉरी आणि सहकाऱ्यांनी १९८१ साली माणसांच्या रोजच्या हालचाली मोजल्या आणि सांगितलं की ३० ते १३० अंश एवढं कोपर चाललं तर बहुतेक कामं निभावतात. हा आकडा आजही जगभर वापरतात. त्यांनी मोजलेली कामं होती दार उघडणं, टेलिफोन कानाला लावणं, भांड्यातून पेल्यात ओतणं, काट्यानं खाणं. अभ्यास चांगलाच आहे, आणि त्या घरांसाठी तो बरोबर आहे. पण हापशीचा दांडा खालपर्यंत दाबायला कोपर जवळजवळ सरळ लागतं. जमिनीवर बसलेलं माणूस हात टेकून उठतं तेव्हाही लागतं. डवऱ्यावर भार द्यायला लागतं. तीस अंश वाकडं राहिलेलं कोपर खुर्ची-टेबलाच्या घरात पास होईल आणि मोर्शीच्या शेतात नापास होईल. आपल्याकडची कामं कुणीतरी अशीच एकेक करून मोजायला हवीत. आमच्या भागातल्या फिजिओथेरपीच्या विद्यार्थ्यांना प्रकल्पासाठी यापेक्षा चांगला विषय मिळायचा नाही.

•

सुश्रुतसंहितेत हाड मोडण्याचे १२ प्रकार आणि सांधा निखळण्याचे ६ प्रकार सांगितलेत. कोवळ्या वयात एका महिन्यात, मधल्या वयात दोन महिन्यांत आणि उतारवयात तीन महिन्यांत हाड पक्कं होतं, असा हिशेबही दिलाय. मला त्यातला सर्वांत मोलाचा भाग वाटतो तो नीट जुळलेलं हाड ओळखायची खूण सांगणारा. अंग आखूड झालेलं नसावं, वर उंचवटा राहिलेला नसावा, आणि हालचाल सुखानं व्हावी. हालचाल ही जुळण्याच्या व्याख्येतच धरलीय. आजचा आमचा केसपेपर ती व्याख्येबाहेर ठेवतो.

•

दंडाच्या हाडाच्या मागून एक नस हाडाला लगटून वळसा घेत खाली उतरते, रेडियल नर्व्ह. हाड मधल्या नळीत मोडलं की शंभरात दहा-बारा जणांची ही नस दुखावते. होल्स्टीन आणि लुईस या दोघा डॉक्टरांनी १९६३ साली दाखवलं की नळीच्या खालच्या तिसऱ्या भागातलं पिळाचं फ्रॅक्चर या नसेला जास्त धोक्याचं. मनगट वर उचलत नाही, बोटं उघडत नाहीत, पंजा लोंबतो. बहुतेकांची नस काही महिन्यांत आपोआप जागी होते, आणि तोवर मनगटाला साधी आधाराची पट्टी हवी असते, नाहीतर नस परतते तेव्हा सांधा आखडून बसलेला असतो.

नाही परतली, तर कोड : आधी एम २१.३३१, लोंबतं उजवं मनगट. मग एस ४४.२१एक्सएस, दंडातल्या त्या नसेची जुनी जखम. मधला एक्स फक्त जागा भरायला येतो, म्हणजे एस सातव्या जागीच बसतो.

•

दंडाचं हाड तसं समजूतदार आहे. थोडं वाकडं जुळलं, दोन-तीन सेंटिमीटर आखूड झालं, तरी खांदा आणि कोपर ते सांभाळून घेतात. पायाच्या हाडाला एवढी सूट नाही. म्हणूनच ऑगस्टो सार्मिएंटो यांनी १९७७ मध्ये दंडाला घट्ट प्लॅस्टरऐवजी बाहेरून पट्ट्याचा आधार देऊन खांदा-कोपर लवकर हलवायची पद्धत मांडली, आणि ती टिकली. हाड सरळ दिसण्यापेक्षा सांधे हलते राहणं महत्त्वाचं, हे अस्थिरोगतज्ज्ञांना तेव्हापासून माहीत आहे. माहीत असलेलं माझ्या गावच्या कागदावर यावं, एवढंच माझं म्हणणं.

•

लेकरांचं लिहून ठेवते, कारण यात तास मोजायचे असतात.

पाच ते आठ वर्षांचं पोर झाडावरून, ओट्यावरून, सायकलवरून पडलं की कोपराच्या जरा वर मोडतं. सूज खूप येते. त्यावर घट्ट बांधलं, मग ती हाडवैद्याची कामट्यांची पट्टी असो की प्लॅस्टर, तर आतला दाब वाढून रक्त अडतं. रक्त अडलं की काही तासांत स्नायू मरायला लागतो, आणि मेलेला स्नायू पुढे आखडत जाऊन बोटं कायमची वाकडी करतो. रिचर्ड फोन फोल्कमान या जर्मन डॉक्टरानं १८८१ मध्ये घट्ट बांधण्यानंच हे होतं असं लिहिलं. सव्वाशेच्या वर वर्षं झाली आणि अशी बोटं अजून दिसतात. कोड टी ७९.६.

पोराची बोटं हळूच सरळ करून पाहायची. ते किंचाळलं, बोटं गार पडली, फिकी किंवा निळी झाली, मुंग्या येतात म्हणालं, तर रात्र असो की सण, बांधलेलं सोडवायला त्याच क्षणी दवाखाना गाठायचा. ‘सकाळी पाहू’ म्हणायचं नाही. हाडवैद्याला दोष देत बसण्यात मला रस नाही. गावात तो जवळ असतो, हात लावतो, पैसे कमी घेतो. त्यालाही ही खूण सांगितली पाहिजे.

•

पुस्तकात उशिरा येणाऱ्यांसाठी एक नियम आहे. कुणी हाड मोडल्यावर इलाजच घेतला नाही आणि ते वाकडं जुळल्यावर किंवा न जुळता राहिल्यावर पहिल्यांदा डॉक्टरकडे आला, तरी त्याला सुरुवातीच्या इलाजाचं अक्षरच द्यायचं. म्हणजे त्याचा इलाज आज सुरू झाला, असं धरायचं.

कुणीतरी हा नियम करताना अशा माणसांचा विचार केला होता. तोडणी संपू दे, सोयाबीन निघू दे, पोरीचं लग्न होऊ दे, मग दाखवतो म्हणणारी माणसं तिथेही असणार. त्यांना ‘एवढे दिवस काय करत होता?’ असं न विचारता आत घ्यायची सोय एका अक्षरानं केलीय.

•

अपघात कुठे झाला यालाही कोड असतो. फळबागेचा वाय ९२.७४. मी तो पहिल्यांदा पाहिला तेव्हा मोर्शीची सगळी संत्र्याची वाडी डोळ्यांपुढे आली. पण हा कोड एकदाच, पहिल्या भेटीत लावायचा असतो. त्या वेळी माणूस काय करत होता याचाही वेगळा कोड असतो, तो मागे उरलेल्या त्रासाला लागू होत नाही. ‘कसं’ तेवढं टिकतं : शिडीवरून पडला, डब्ल्यू ११, झाडावरून पडला, डब्ल्यू १४, आणि पुढे तेच एस.

म्हणजे वर्षभरानं हात आखडलेली बाई आली तर पुस्तक म्हणेल शिडीवरून पडली होती. बागेत पडली, तोडणीच्या कामावर पडली, हे पहिल्या दिवशी लिहिलं गेलं असेल तरच सापडेल. भरपाईच्या वेळी नेमकं तेच विचारतात : कुठे, कुणाच्या कामावर? आमच्याकडे पहिल्या दिवशीच्या कागदावर बहुतेक ‘पडल्याने इजा’ एवढंच असतं.

•

हे कोड ज्यातून आले त्या जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या वर्गीकरणाच्या मूळ दहाव्या आवृत्तीत हे सातवं अक्षर नाही. खांद्यापासून मनगटापर्यंत हात मोडून मागे उरलेल्या सगळ्या त्रासांना मिळून एकच कोड, टी ९२.१. उजवा-डावा नाही, दंड की कोपराखालचा हात तेही नाही. एक वर्ष उलटून टिकलेला त्रास त्यात धरतात. अमेरिकेनं १ ऑक्टोबर २०१५ पासून स्वतःची वाढवलेली आवृत्ती लागू केली, तिच्यात सत्तर हजारांच्या आसपास कोड आहेत. या सगळ्याचा मूळपुरुष जाक बर्तियाँ. त्याची १८९३ ची यादी मरणाच्या कारणांची होती.

आपल्याकडे अजून ते मूळ जास्त जाणवतं. जन्म-मृत्यू नोंदणीच्या १९६९ च्या कायद्याखाली डॉक्टरांनी मृत्यूचं कारण प्रमाणित करायचं असतं आणि त्या कारणांना आंतरराष्ट्रीय कोड देऊन आकडे काढतात. जिवंत माणसाच्या आखडलेल्या खांद्याला असा कोड देणं कुणावर बंधनकारक नाही. त्यामुळे अमरावती जिल्ह्यात तोडणीत पडून हात अधू झालेले किती, असं कुणी विचारलं तर उत्तर काढायला जागाच नाही.

•

२ जुलै २०१२ ला राज्यात राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजना सुरू झाली तेव्हा पहिल्या आठ जिल्ह्यांत अमरावती होता. आता ती महात्मा फुले जन आरोग्य योजना. या योजनेनं आमच्याकडे खूप केलंय. प्लेट-रॉडच्या ऑपरेशनसाठी शेत गहाण टाकणारी माणसं मी लहानपणी पाहिलीत. आज तीच ऑपरेशनं बिनपैशांची होतात.

योजनेत प्रत्येक उपचाराला पॅकेज आणि त्याचा कोड असतो. पॅकेजमध्ये सुट्टीनंतर दहा दिवसांपर्यंतची तपासणी-औषधं धरलेली, आणि ठरावीक उपचारांसाठी पुढच्या पाठपुराव्याची वेगळी पॅकेजं. दंडाचं हाड जुळायलाच दोन-तीन महिने लागतात. खांदा आखडतो तो याच काळात, झोळीत हात अडकवून ठेवल्यानं. दहा दिवस कधीच संपलेले असतात. दंडाच्या फ्रॅक्चरला सहा आठवड्यांची फिजिओथेरपी पॅकेजमध्येच जोडली तर प्लेटवर झालेला सरकारचा खर्च कामी येईल. हे मी जिल्ह्याच्या आरोग्य अधिकाऱ्यांना लिहून देणार आहे.

•

टक्के.

हाताची किंमत टक्क्यांत करायची आपल्याकडे निदान तीन पुस्तकं आहेत, आणि तिन्ही वेगळं मोजतात.

पहिलं, दिव्यांग प्रमाणपत्राचं. २०१६ च्या कायद्याखाली त्याच्या मार्गदर्शक सूचना आहेत. हाताचे दोन भाग करतात, दंड-खांदा-कोपराचा एक आणि पंज्याचा एक. सांध्याची हालचाल, स्नायूंची ताकद, दोन्ही मिळून होणारी कामं, असं मोजून सूत्रानं जोडतात. कामाचा हात असेल तर थोडे गुण वाढीव. एकूण ४० टक्के झाले तर सवलती, एसटीचं भाडं ७५ टक्के माफ. मावशीसारखा नुसता खांदा आखडलेला माणूस सहसा चाळीसच्या आत राहतो, आणि त्यासाठी मोर्शीहून पन्नास-पंचावन्न किलोमीटरवर अमरावतीच्या जिल्हा रुग्णालयात, लोकांच्या तोंडी इर्विनला, जाऊन यावं लागतं.

दुसरं, १९२३ चा कामगार भरपाईचा कायदा, जो २०२५ पर्यंत लागू होता. त्याच्या पहिल्या परिशिष्टात हात खांद्यातून तुटला तर ९० टक्के, खांद्याच्या टोकापासून २०.३२ सेंटिमीटरच्या आत थोटूक राहिलं तर ८० टक्के, त्याखाली कोपराच्या टोकाखाली ११.४३ सेंटिमीटरच्या आतपर्यंत ७० टक्के. मूळ मापं इंचातली, ती सेंटिमीटरमध्ये आणली म्हणून असे आकडे. यादी बहुतेक तुटलेल्या अवयवांची आहे. न तुटता आखडलेल्या हाताला यादीत ओळ नाही. त्याची कमाई किती घटली ते डॉक्टरांनी ठरवून लिहायचं असतं. पुन्हा तेच, लिहायचं असतं.

तिसरं, वाहन अपघातांचं. राज कुमार विरुद्ध अजय कुमार या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं १८ ऑक्टोबर २०१० ला सांगितलं, ते प्रत्येक गावात पोचायला हवं. अवयवाचे टक्के म्हणजे शरीराचे टक्के नव्हेत, आणि शरीराचे टक्के म्हणजे कमाईचे टक्के नव्हेत. न्यायालयाचं उदाहरण असं : डावा हात गेलेल्याला ६० टक्क्यांच्या आसपास अपंगत्व येईल, तो ड्रायव्हर किंवा सुतार असेल तर त्याची कमाई जवळजवळ शंभर टक्के बुडेल, सरकारी कचेरीतला कारकून असेल तर त्याची नोकरी कदाचित चालूच राहील. म्हणून आधी पाहायचं की माणूस काय काम करत होता आणि आता काय करू शकतो.

नव्वद अंशांवर अडलेला खांदा शाळेतल्या मास्तरांना आला तर फळ्याची वरची ओळ अडेल. तोच तोडणीवालीला आला तर अर्धं झाड अडतं.

आणि शेतकरी अपघाताचं सानुग्रह अनुदान, गोपीनाथ मुंडे यांच्या नावाचं : एक अवयव निकामी झाला तर १ लाख. ते खातेदार शेतकऱ्याला आणि त्याच्या घरातल्या एकाला. सातबारा नसलेली तोडणीची बाई त्यात बसत नाही. मला याचा राग येतो. झाडावर चढते ती, पडते ती, आणि बाग व्यापाऱ्यानं घेतलेली असल्यानं मालक कोण, यावरच गाडी अडते.

•

म्हाताऱ्या बायांचं खांद्याजवळचं हाड घरातल्या घरात मोडतं. न्हाणीत पाय घसरला, उंबऱ्याला ठेचकाळली. हाड ठिसूळ झाल्याचं निदान असेल आणि निरोगी हाड मोडलं नसतं एवढ्याशाच पडण्यानं मोडलं असेल, तर नियम सांगतो की एस ४२ लावायचाच नाही, एम ८० लावायचा. उजव्या दंडाला एम ८०.०२१, आणि मागे त्रास उरला असेल तर पुढे एस. फरक मोठा आहे. एस ४२ म्हणतो ती पडली. एम ८० म्हणतो तिची हाडं पोकळ झालीत, आता कंबर मोडायच्या आत औषध सुरू करा. “म्हातारी पडली” म्हणून आपण पहिल्यावरच थांबतो.

•

पोलिओच्या साथीनंतर १९५३ मध्ये मुंबईच्या केईएममध्ये देशातली पहिली फिजिओथेरपीची शाळा निघाली. १९५५ मध्ये हाजीअलीची पुनर्वसनाची संस्था आली. हा वारसा महाराष्ट्राचा आहे. तालुक्याच्या गावात हात हलवून देणारं, घरचा व्यायाम शिकवणारं एक माणूस सरकारी दवाखान्यात रोज बसेल, एवढ्यावर तरी तो आता यावा. खांद्याला महागडं यंत्र लागत नाही. भिंतीवर बोटांनी चढत जाणं, काठी दोन्ही हातांनी धरून वर नेणं, वाकून हात लोंबता सोडून गोल फिरवणं. पण कधी सुरू करायचं, किती दुखलं तर थांबायचं, हे शिकलेल्या माणसानंच सांगायला हवं.

•

मावशीसाठी एक कागद केलाय. पुढच्या तपासणीला तो डॉक्टरांपुढे ठेवायचा, नम्रपणे. “डॉक्टरसाहेब, एवढं लिहून द्या जी” एवढंच म्हणायचं. त्यावर लिहिलंय :

कोणता हात, आणि काम कोणत्या हातानं करते.
हात पुढून किती अंश वर जातो, बाजूनं किती, मागे कुठवर पोचतो.
कोपर किती सरळ होतं, किती मिटतं.
मनगट आणि बोटं वर उचलतात का.
हा त्रास अमुक तारखेला मोडलेल्या हाडामुळेच आहे का.
काम काय करते, आणि त्यातलं कोणतं आता होत नाही.

पाचव्या ओळीवर बोट ठेवून मी तिला दोनदा सांगितलं, ही सोडू देऊ नका. संबंध डॉक्टरांनी लिहिला तरच तो पुढे कुणालाही वाचता येतो.

तिनं विचारलं, “पयलेचा कागद पाह्यजे का?”

पाहिजेच. पडल्याच्या दिवशीचा केसपेपर, पहिला एक्स-रे, सुट्टीचं कार्ड. त्यांच्या झेरॉक्स करायच्या, अस्सल घरी ठेवायचे. योजनेच्या कार्डाबरोबर एकाच पिशवीत, पत्र्याच्या पेटीत, उंदरापासून लांब. आणि पहिल्या कागदावर नुसतं ‘पडल्याने इजा’ असेल तर बागेचं नाव आणि मुकादमाचं नाव आजच, आठवतंय तोवर, वेगळ्या कागदावर तारखेसह लिहून सोबत कामावर असलेल्या दोघींच्या सह्या किंवा अंगठे घ्यायचे. तिच्यासोबतची एक जण आता वरुडला तोडणीवर गेलीय; रविवारी आम्ही तिकडे जाणार आहोत.